आईला विचारलं, तर आईलाच बोलू द्या

या महिन्यात आलेल्या पत्रांतली बरीचशी एकाच विषयावर आहेत. क्लिनिकमधून फोन येतो, ‘मेडिकेअरची वर्षाची वेलनेस व्हिजिट घरबसल्या व्हिडिओवर करून टाकू’ म्हणतात (मेडिकेअर म्हणजे इथला, अमेरिकेतला, मुख्यतः ज्येष्ठांचा सरकारी आरोग्य विमा), आणि घरात चर्चा सुरू होते. नर्स म्हणून न्यू जर्सीतल्या एका छोट्या क्लिनिकमध्ये मी या भेटी वर्षानुवर्षं घेतल्या, २०२० नंतर तर बहुतेक पडद्यावरच. म्हणून बाकीची पत्रं पुढच्या अंकासाठी ठेवते आणि या वेळी याच विषयावर सविस्तर लिहिते.

प्रश्न: माझी आई ७१ वर्षांची आहे. सात वर्षांपूर्वी ग्रीन कार्डवर आमच्याकडे आली आणि पाच वर्षं झाल्यावर मेडिकेअरचा पार्ट बी, म्हणजे डॉक्टरांच्या भेटींचा भाग, घेतला. बीपी आहे, बाकी ठणठणीत. क्लिनिकवाले म्हणतात की भेट व्हिडिओवर होईल आणि पैसे पडणार नाहीत. हात न लावता, छातीला नळी न लावता हे कसलं चेकअप? आईला इंग्रजी जमत नाही, त्यामुळे उत्तरं मीच देणार आहे. तयारी काय करू? – एक लेक, एडिसन

उत्तर: तुमची शंका रास्त आहे. घोटाळा ‘चेकअप’ या शब्दाने होतो. चेकअप म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर येतं ते टेबलावर झोपवून पोट दाबणं, छाती ऐकणं, रक्त काढणं. ही भेट तशी नाही, क्लिनिकमध्ये जाऊन केली तरी नाही. डोक्यापासून पायापर्यंतची नेहमीची शारीरिक तपासणी मूळ, म्हणजे सरकार थेट चालवतं त्या मेडिकेअरमध्ये येतच नाही. ही वार्षिक भेट २०१० च्या आरोग्य कायद्याने आणली आणि २०११ पासून ती सुरू झाली. या माणसाला पुढे काय काय होऊ शकतं आणि ते टाळायला आत्ता काय करायचं, एवढं ठरवणं हे तिचं काम. त्यात एक प्रश्नावली असते. औषधांची यादी, घराण्यातले आजार, पडण्याची भीती, मनाची अवस्था, स्मरणशक्ती, वजन-बीपी हे सगळं बघतात आणि शेवटी कोणती चाचणी, कोणती लस कधी घ्यायची याचं लेखी वेळापत्रक हातात देतात. यातलं बहुतेक काम बोलण्याचं आहे, म्हणून ते पडद्यावर होतं.

पार्ट बी घेतल्यावर पहिल्या १२ महिन्यांत एक ‘वेलकम टू मेडिकेअर’ भेट मिळते. ती आईची झाली नसेल तरी आता ही वार्षिक भेट अडत नाही. डॉक्टर मेडिकेअरचा ठरलेला दर मान्य करणारे असतील तर या भेटीला डिडक्टिबल (विमा पैसे देऊ लागण्याआधी आपण भरायची रक्कम) नाही आणि त्यानंतर आपल्यावर येणारा २० टक्क्यांचा हिस्साही नाही.

आता तयारी. सगळ्यात आधी औषधं, आणि इथे जरा थांबते. एक आजी होत्या, पाय सुजायचे. दोनदा क्लिनिकमध्ये येऊन गेल्या, दर वेळी मुलाने लिहिलेली औषधांची यादी नीट घडी घालून आणली. यादीत काहीच खटकण्यासारखं नव्हतं. मग एकदा भेट व्हिडिओवर झाली. मी म्हटलं, “आजी, गोळ्या कुठे ठेवता? आहे तसं सगळं इथे आणा.” त्या उठल्या आणि स्वयंपाकघरातून झाकणाचा स्टीलचा डबा घेऊन आल्या. वर इथल्या फार्मसीच्या बाटल्या, आणि खाली पुण्याहून भाच्याने पाठवलेल्या पट्ट्या. पट्टीवरचं मोठ्या अक्षरातलं नाव मला ओळखीचं नव्हतं. पट्टी उलटी करून कॅमेऱ्याजवळ धरायला सांगितली, तेव्हा बारीक अक्षरात बीपीच्या औषधाचं नाव दिसलं, अ‍ॅम्लोडिपिन. इथल्या बाटलीतही तेच, अ‍ॅम्लोडिपिन. कित्येक महिने त्या दोन्ही घेत होत्या. म्हणाल्या, “तिथल्या डॉक्टरांची ती तिथली, इथल्यांची ही इथली.” पाय सुजणं हा त्या औषधाचा ओळखीचा दुष्परिणाम आहे, आणि डोस वाढला की तो वाढतो. डॉक्टरांनी त्याच दिवशी फोन करून एक बंद केली.

क्लिनिकमध्ये ते कधीच कळलं नसतं. घरून भेट घेण्याचा हा खरा फायदा. गाडीचा त्रास वाचतो तो त्याच्यानंतर. म्हणून आईला यादी करून देऊ नका. डबा, देव्हाऱ्याजवळची चूर्णं, उशाखालची झोपेची गोळी, दुकानातून सहज आणलेलं सगळं टेबलावर मांडा. ज्या सर्दीच्या आणि झोपेच्या गोळ्यांच्या नावापुढे ‘पीएम’ असतं त्यांत बहुधा डायफेनहायड्रामिन हे गुंगी आणणारं औषध असतं. म्हातारपणी त्याने गोंधळ उडतो, तोल जातो. औषधाच्या दुकानात सहज मिळतं म्हणून ते निरुपद्रवी, असं अजिबात समजू नका.

दुसरं बीपी. दंडाचं मशीन हवं, मनगटाचं नको, आणि पट्टा आईच्या दंडाच्या मापाचा हवा. आधी अर्धा तास चहा-कॉफी नाही. बाथरूमला जाऊन आल्यावर पाठ टेकून, पाय जमिनीला लावून पाच मिनिटं गप्प बसायचं. हात टेबलावर, छातीच्या उंचीला. पट्टा उघड्या दंडावर बांधा, ब्लाउजच्या किंवा स्वेटरच्या बाहीवरून नको. मिनिटाच्या अंतराने दोनदा घ्या आणि दोन्ही आकडे लिहून ठेवा. वजनही त्याच सकाळी. तुम्ही सांगितलेले आकडे मेडिकेअरच्या भेटीत चालतात, म्हणूनच ते खरे असायला हवेत.

आता तुम्ही उत्तरं देण्याबद्दल. तुमच्या मनात फक्त सोय आहे हे मला कळतं, पण असं करू नका ही माझी कळकळीची विनंती आहे.

एका भेटीत आजी सोफ्यावर आणि लेक शेजारी. मी विचारलं, “गेल्या वर्षभरात कधी पडलात का?” आजींनी तोंड उघडायच्या आत लेक म्हणाली, “नाही.” तिला खात्री होती. तिने चहा ठेवायला म्हणून पाठ फिरवली तेव्हा मी मराठीतच पुन्हा विचारलं. आजींनी दोन बोटं वर केली. दोनदा, सकाळी न्हाणीत, घरात कोणी नसताना. मग हळूच म्हणाल्या, “सांगितलं असतं तर कामावरून रजा घेऊन बसली असती माझ्यापाशी.” कोपरापर्यंतची बाही वर केली तर डाग अजून पिवळा होता. त्या घरात न्हाणीला धरायला दांडी लागली ती त्या दोन बोटांमुळे. लेकीने विचारून ते कळलं नसतं, कारण लेकीपासूनच तर ते लपवायचं होतं.

माझ्यासारखी मराठी बोलणारी नर्स सगळीकडे नसते. पण मेडिकेअरचे पैसे घेणाऱ्या क्लिनिकने दुभाषा विनामूल्य द्यायचा, असा इथला कायदा आहे, आणि घरच्यांनाच दुभाषा करा असं ते तुम्हाला म्हणू शकत नाहीत. अपॉइंटमेंट घेतानाच सांगा, भाषा मराठी. ‘इंडियन’ म्हणालात तर हिंदीचा दुभाषा जोडून देतात आणि मग आई अर्ध्या हिंदीत, अर्ध्या खुणांनी बोलत राहते. व्हिडिओवर तिसरी व्यक्ती म्हणून दुभाषा सहज जोडता येतो.

हे सगळ्यात जास्त महत्त्वाचं आहे ते स्मरणशक्तीच्या भागात. काही शब्द सांगून थोड्या वेळाने परत विचारतात, कागदावर घड्याळ काढायला लावतात. कोणते शब्द, ते इथे लिहीत नाही, कारण काही मुलं प्रेमापोटी आदल्या रात्री ते पाठ करून घेतात. ज्या भाषेत आई हिशोब करते, स्वप्नं बघते, त्याच भाषेत ही चाचणी व्हायला हवी. इंग्रजीत घेतली तर तिची बुद्धी कमी दिसते. तुम्ही बाजूने ओठ हलवून उत्तर सुचवलंत तर खरंच काही सुरू झालं असेल ते झाकलं जातं. दोन्हीकडून नुकसान तिचंच. जवळ बसा, कॅमेरा नीट धरा, कोरा कागद आणि पेन ठेवा. विचारलं तरच बोला.

आणि पडद्यावर जे होत नाही ते होत नाहीच. हृदयाचा ठोका ऐकू येत नाही, कानातला मळ दिसत नाही, तळपायाची जखम नीट कळत नाही. वेळापत्रकात जे लिहून येईल, म्हणजे दर १२ महिन्यांनी मॅमोग्राम, ठरलेल्या निकषांत बसल्यास दर २४ महिन्यांनी हाडांची घनता, शुगर, फ्लूची आणि न्यूमोनियाची लस, त्यासाठी बाहेर पडावंच लागतं. नागिणीची लस पार्ट डीमधून, म्हणजे मेडिकेअरच्या औषधांच्या विम्यातून, मिळते आणि २०२३ पासून तिला खिशातून काही द्यावं लागत नाही, पण त्यासाठी आईने पार्ट डी घेतलेला हवा. ही भेट घरून करा, पण वर्षातून एकदा तरी डॉक्टरांसमोर प्रत्यक्ष बसवा. मी माझ्या घरच्यांसाठी हेच करत आले.

प्रश्न: वय ७८, एकटाच राहतो. गेल्या वर्षी ‘फुकट’ भेटीनंतर मला बिल आलं. मी फक्त गुडघा दुखतो एवढंच सांगितलं होतं. त्यानंतर ठरवलं की तोंड बंद ठेवायचं. यंदा म्हणतात फोनवर करू. व्हिडिओ मला जमत नाही आणि उजव्या कानाने ऐकू कमी येतं. नुसत्या फोनवर मेडिकेअर मान्य करतं का? – एक वाचक, ह्यूस्टन

उत्तर: काका, तुमच्या पत्रातलं ‘तोंड बंद ठेवायचं’ हे वाक्य मला सगळ्यात जास्त लागलं, म्हणून आधी बिलाचं.

झालं असं असणार: वार्षिक भेट वेगळी आणि दुखण्याचा इलाज वेगळा. तुम्ही गुडघ्याचं काढलंत, डॉक्टरांनी तपासून औषध किंवा एक्स-रे लिहून दिला, की त्याच बैठकीत दुसरी भेट धरली जाते. पहिलीला पैसे नाहीत. दुसरीला मात्र पार्ट बीचा डिडक्टिबल, २०२५ साली तो २५७ डॉलर होता, आणि त्यानंतर २० टक्के. वर्षाच्या सुरुवातीला डिडक्टिबल भरलेला नसेल तर त्या भागाची मान्य रक्कम सगळी तुमच्यावर येते. सप्लिमेंट (मेडिकेअरला जोडून घेतलेला खासगी विमा) किंवा अ‍ॅडव्हांटेज प्लॅन (मूळ मेडिकेअरऐवजी खासगी कंपनीमार्फत घेतलेला) असेल तर हिशोब बदलतो. यात फसवणूक झाली असं मी म्हणणार नाही. पण आधी एका वाक्यात सांगायला हवं होतं, आणि ते सांगितलं गेलं नाही याचं मला वाईट वाटतं.

गुडघ्याबद्दल गप्प बसू नका. ज्याचा गुडघा दुखतो तोच पडतो, आणि पडण्याचा प्रश्न या भेटीत येणारच आहे. असं विचारा: “गुडघ्याचं आज बोललो तर वेगळं बिल लागेल का? लागणार असेल तर वेगळी वेळ द्या.” हे विचारायला लाजायचं काही कारण नाही. रोज कोणी ना कोणी विचारतं.

मागचं बिल अजून वादात असेल तर मेडिकेअरकडून येणारी समरी नोटीस काढा. तुम्ही किती देणं लागता ते त्यात लिहिलेलं असतं. क्लिनिकचं बिल आणि नोटिशीतला आकडा जुळत नसेल तर आधी क्लिनिकच्या बिलिंगला फोन करा. मेडिकेअरचाच निर्णय पटला नाही तर नोटीस मिळाल्यापासून १२० दिवसांत अपील करता येतं. तुमच्या राज्यातले ‘शिप’ या मेडिकेअर-सल्ला योजनेचे समुपदेशक हे कागद शेजारी बसून मोफत वाचून देतात, आणि त्यांना विकायचं काही नसतं.

अजून एक खुबी. दोन भेटींमध्ये मधले ११ पूर्ण महिने जावे लागतात. मागची भेट २० मार्चला झाली असेल तर पुढची १ मार्चपासून चालते, फेब्रुवारीत केली तर नामंजूर होते. कॅलेंडरवर तारीख लिहून ठेवा.

आता फोनचं. ज्यांना व्हिडिओ जमत नाही किंवा नको आहे त्यांच्याकडून नुसत्या आवाजावरची भेट मेडिकेअर मान्य करतं. मात्र घरात बसून भेट घेण्याची ही सगळी सवलतच मुदतीची आहे. २०२० च्या आधी ग्रामीण भागातल्या माणसाने आपल्या गावच्या दवाखान्यात जाऊन तिथल्या पडद्यासमोर बसायचं, असा नियम होता. कोविडच्या साथीत तो सैल झाला आणि तेव्हापासून काँग्रेस, म्हणजे इथली संसद, थोडी थोडी मुदत वाढवत आली आहे. १ ऑक्टोबर २०२५ ला सरकारी कामकाज ठप्प झालं तेव्हा ही मुदत संपलेली होती. नोव्हेंबरच्या मध्यावर ती मागच्या तारखेपासून परत लागू झाली, पण मधले सहा आठवडे क्लिनिकांची धांदल झाली आणि कित्येकांच्या भेटी पुढे गेल्या. म्हणून वेळ ठरवताना हा एक प्रश्न आवर्जून विचारा: “त्या तारखेला घरून केलेली भेट मेडिकेअर धरतं ना?”

तुमच्याबाबतीत मात्र माझं मत स्पष्ट आहे: यंदा फोन नको. कोणी गाडीने नेणारं असेल तर समोर जा. कमी ऐकू येतं तेव्हा माणूस अंदाजाने ‘हो’ म्हणतो, आणि फोनवर नर्सला ते कळत नाही. कानाची तपासणी तर वेगळी करून घ्याच. २०२३ पासून वर्षातून एकदा ऑडिओलॉजिस्टकडे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय जाता येतं. त्याला नेहमीचा २० टक्के हिस्सा पडतो. श्रवणयंत्राचे पैसे मूळ मेडिकेअर देत नाही, पण सौम्य ते मध्यम बहिरेपणासाठी २०२२ च्या ऑक्टोबरपासून ती चिठ्ठीशिवाय दुकानात मिळतात.

प्रश्न: आम्ही दोघं दर वर्षी नोव्हेंबर ते फेब्रुवारी साताऱ्याला असतो. जानेवारीत क्लिनिकची व्हिडिओ भेटीची वेळ आली आहे. वाय-फाय चांगलं आहे, रात्री साडेनऊला त्यांची सकाळ असते. तिथूनच करून टाकू का? – एक जोडपं, फ्रीमाँट

उत्तर: नका करू. मेडिकेअर देशाबाहेर घेतलेल्या सेवेचे पैसे देत नाही, आणि पडद्यावरच्या भेटीत तुम्ही जिथे बसला आहात तीच जागा धरली जाते. भेटीच्या सुरुवातीला “आत्ता तुम्ही कुठे आहात?” असं विचारून ते नोंदवलं जातं. तो प्रश्न औपचारिक वाटला तरी खरं उत्तर द्या. वेळ मार्चवर ढकला.

देशातल्या देशातही हे लागू पडतं. डॉक्टरांकडे तुम्ही त्या क्षणी ज्या राज्यात आहात तिथला परवाना लागतो. मुलीकडे दुसऱ्या राज्यात महिनाभर राहायला गेलात तर तुमच्या कॅलिफोर्नियाच्या डॉक्टरांना कदाचित नाही म्हणावं लागेल. जाण्यापूर्वीच विचारा.

साताऱ्याला रक्ताच्या तपासण्या केल्यात तर रिपोर्ट आणि तिथल्या डॉक्टरांच्या चिठ्ठ्या घेऊन या. मार्चच्या भेटीत ते सोन्यासारखे उपयोगी पडतात.

प्रश्न: फोनवर बाई म्हणाली, मेडिकेअरकडून बोलते आहे, वार्षिक तपासणीत कॅन्सरची जनुकीय चाचणी मोफत आहे, किट घरी पाठवते, फक्त कार्डाचा नंबर द्या. सासूबाईंनी अर्धा नंबर सांगितला आणि मी फोन काढून घेतला. – एक सून, शिकागो

उत्तर: बरं केलंत. मेडिकेअर आपणहून फोन करून नंबर मागत नाही. तो ११ अक्षर-आकड्यांचा नंबर क्रेडिट कार्डासारखा जपायचा. जनुकीय चाचणी, कमरेचे पट्टे, गुडघ्याचे पट्टे ‘मोफत’ देणारे फोन हे नेहमीचे सापळे आहेत. मेडिकेअरमधल्या फसवणुकीवर लक्ष ठेवणाऱ्या तुमच्या राज्यातल्या सीनिअर मेडिकेअर पेट्रोलला कळवा, आणि पुढच्या काही समरी नोटिशींत न घेतलेली सेवा दिसते का ते बघत राहा. खऱ्या क्लिनिकचा फोन वाटला तरी ठेवून द्या आणि आपल्याकडच्या नंबरवर उलट फोन करा. सासूबाईंना रागावू नका. पुढच्या वेळी घाबरून त्या तुम्हाला सांगणार नाहीत.

प्रश्न: बाबा ८० वर्षांचे. गेल्या वर्षी आई गेली. व्हिडिओ भेटीत नर्सने विचारलं, ‘उदास वाटतं का?’ बाबा म्हणाले, ‘छे, उत्तम चाललंय.’ मग तिने विचारलं की बोलण्याची शुद्ध राहिली नाही तर तुमच्या वतीने कोणी ठरवायचं, काय उपचार हवेत, काय नकोत. मला संताप आला. वर्षही झालं नाही आणि हे काय अभद्र बोलणं? मी भेट तिथेच थांबवली. बाबा काहीच बोलले नाहीत. माझं चुकलं का? – एक मुलगा, नॉर्थ कॅरोलिना

उत्तर: तुमचा राग मला समजतो. आपल्याकडे बोलताना कोणी मरणाचं नाव काढलं तर ‘शुभ बोल’ म्हणून थांबवतात, आणि तुमची जखम ओली आहे. पण तो प्रश्न तुमच्या बाबांना विचारला होता आणि उत्तर तुम्ही दिलंत.

त्या बोलण्याला इथे अ‍ॅडव्हान्स केअर प्लॅनिंग म्हणतात. ते ऐच्छिक आहे, बाबा नको म्हणू शकतात. वार्षिक भेटीसोबत केलं तर पैसे पडत नाहीत. डॉक्टरांनी आशा सोडली असा त्याचा अर्थ मुळीच नाही. तुमच्या आईच्या शेवटच्या दिवसांत कोणी काय ठरवायचं यावरून दवाखान्यात घालमेल झाली असेल, तर ती बाबांनी जवळून पाहिली आहे. कदाचित त्यांना याबद्दल बोलायचंच असेल, आणि तुमच्यासमोर बोलवत नसेल.

आता ‘उत्तम चाललंय’. त्या पिढीतली माणसं ‘उदास’ हा शब्द स्वतःसाठी वापरत नाहीत. भूक लागत नाही, झोप लागत नाही, पेपर उघडावासा वाटत नाही, असं म्हणतात. माझ्या सासऱ्यांचीही अशीच एक फोनवरची भेट झाली, सासूबाई गेल्यावर आठ महिन्यांनी, दुसऱ्या एका क्लिनिकमधून. मी स्वतः नर्स, सगळे प्रश्न मला पाठ. त्यांच्या शेजारी बसायचा मोह मी आवरला आणि अंगणात जाऊन झाडांना पाणी घालत राहिले. अर्ध्या तासाने आत आले तर ते फोन हातात धरूनच बसले होते. म्हणाले, “त्या मुलीने विचारलं, एकटे जेवता का. मी म्हटलं, हो.” आम्ही एकाच घरात राहत होतो. मी दुपारी कामावर असायचे, ताट झाकून ठेवलेलं असायचं, आणि ते न जेवता ताट परत फ्रिजमध्ये ठेवत होते. मला माहीत नव्हतं. त्या फोननंतर डॉक्टरांनी त्यांना समुपदेशकाशी जोडून दिलं. मनाच्या आजारांसाठी घरून घेतलेल्या भेटींची सवलत मेडिकेअरमध्ये कायमची आहे, तिला मुदत नाही, त्यामुळे ते सगळं आमच्या बैठकीच्या खोलीतूनच झालं. दुपारच्या जेवणासाठी आम्ही त्यांना आठवड्यातून तीन दिवस सीनिअर सेंटरला नेऊ लागलो.

क्लिनिकला फोन करून सांगा की भेट अर्धी राहिली आहे, ती पुरी करायची आहे. नर्सला आधीच कळवा की आई गेल्या वर्षी गेली, म्हणजे ती जपून विचारेल. दुभाषा हवा असेल तर तेव्हाच मागून घ्या. आणि बाबांना आदल्या दिवशी सांगा, शांतपणे: “ते मागच्या वेळचं परत विचारतील. तुम्हाला बोलायचं असेल तर बोला, नको असेल तर नको म्हणा.” ते तुमच्याकडे बघून गप्प राहिले तरी चालेल.

भेटीच्या दिवशी लॅपटॉप त्यांच्या खोलीत लावून द्या, चार्जर जोडा, आवाज वाढवा, पाण्याचा तांब्या आणि चष्मा हाताशी ठेवा. नर्स पडद्यावर आली की नमस्कार करा, बीपीचे आकडे सांगा आणि बाहेर या. दार लावून घ्या. त्यांनी हाक मारली तरच आत जा.